वीणा खाली ठेवता येत नाही

१२ नोव्हेंबर, बुधवार. पहाटे.
आजपासून नवीन माणूस. काल आदिनाथदादांच्या पुरुषार्थ वर्गाला पहिल्यांदा गेलो. होस्टेलच्या गच्चीवर भरतो. दादा एम.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहेत, दुसऱ्यांदा. त्यांचं म्हणणं, खरा पुरुष म्हणजे घराचा खांब. वारा येवो, वादळ येवो, हलायचं नाही. मला लगेच पटलं. माझं नावच महारुद्र आहे, आजपर्यंत त्याचा वापर झाला नाही एवढंच.
संकल्प: गार पाण्याने अंघोळ. ध्यान. ब्रह्मचर्य. रील बंद. रडायचं नाही. (रडत नाहीच, पण लिहून ठेवलेलं बरं.)

तोच दिवस. अंघोळीनंतर.
पाणी फारच गार होतं. अर्धी बादली गरम घेतली. शरीराला हळूहळू सवय लावा असं दादा म्हणाले होते. म्हणजे म्हणाले नव्हते, पण विचारलं असतं तर म्हणाले असते.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार.
ध्यानाला बसलो. डोळे उघडले तेव्हा पहिलं लेक्चर संपलेलं. रूम पार्टनर बिरदेव म्हणतो, तू घोरायलतास. दादांना विचारलं. माणूस खोल गेला की श्वासाचा आवाज होतो, म्हणाले. बिरदेवला यातलं काय कळणार. देवगाव फाट्याकडचा, घरी मेंढरं. रूमवर भाकरी तो करतो आणि भांडी मी घासतो. खांबाने भांडी घासावीत का, यावर चिंतन चालू आहे. तोपर्यंत भांडीही त्यालाच सांगितली. त्याने माझं ताट तेवढं तसंच ठेवलं.

१६ नोव्हेंबर, रविवार.
बोरीहून आक्काचा फोन. दिवाळीला माहेरी आली ती अजून सासरी गेलेली नाही. दाजी हात उचलतात. भाऊबीजेला ओवाळताना तिच्या कानामागे काळंनिळं दिसलं होतं. ओवाळणी काय पाहिजे विचारलं तर म्हणाली, साडी नको न् काही नको, ते न्यायला येतील तवा तू समोर बस आन् एकदा बोल. मी ताटावर हात ठेवून हो म्हटलं होतं. आण्णा बोलत नाहीत. लेक नांदलेली बरी, एवढंच त्यांचं. माय डोळ्याला पदर लावते आणि चुलीपुढे जाऊन बसते.
दाजी सप्त्यात येणार आहेत, तीन तारखेला. येशील ना, आक्काने विचारलं. मी म्हटलं, आक्का, मी आता पहिल्यासारखा राहिलो नाही. ती म्हणाली, पहिल्यासारखाच ये बाबा, पण ये.

१९ नोव्हेंबर, बुधवार.
वाक्य तयार केलं. ‘दाजी, यापुढे आक्काच्या अंगाला हात लागला तर आम्ही तिला कायमची घेऊन येऊ.’ छोटं आहे, धार आहे. आरशासमोर चार-पाचदा म्हटलं. आवाज छातीतून निघतो.
मग बिरदेवला कॉटवर दाजी म्हणून बसवलं. त्याने काही केलं नाही, नुसतं वर पाहिलं. मी म्हटलं, चहा घेता का दाजी?
पहिलीच तालीम होती.

२२ नोव्हेंबर, शनिवार.
वर्गातल्या प्रियांकाने नोट्स मागितल्या. ब्रह्मचर्यामुळे तिच्याकडे न बघता दिल्या. न बघता दिल्यामुळे बिरदेवच्या दिल्या गेल्या. आता ती रोज बिरदेवलाच शंका विचारते. मोह आपोआप दूर झाला. साधनेचं फळ इतक्या लवकर मिळेल असं वाटलं नव्हतं.
रील बंदच आहेत. फक्त अध्यात्मावरचे आणि मिशीवरचे बघतो.

२५ नोव्हेंबर, मंगळवार.
दादांना आक्काचं सगळं सांगितलं. त्यांनी आकाशाकडे पाहिलं. मग म्हणाले, आधी आंतरिक बळ. बळ नसताना उच्चारलेला शब्द वाया जातो. योग्य क्षणाची वाट बघणं हाही पुरुषार्थच. किती खोल माणूस आहे. मनावरचं मोठं ओझं उतरलं.
बिरदेव म्हणाला, त्याला काय बळ लागतंय, तोंड उघडायचं. मी येऊ का संगं? मी म्हटलं, खांब एकटा असतो. तो म्हणाला, एका खांबावर आमी तर पालसुदीक ठोकत न्हाईत. मेंढरांमागे फिरणाऱ्यांचं तत्त्वज्ञान पालाच्या तंबूपर्यंतच जातं.

२ डिसेंबर, मंगळवार. बोरी.
दुपारच्या एसटीने आलो. आक्काने पिठलं-भाकरी केली होती, वर ठेचा. समोर बसून म्हणाली, काय बोलनार हायस, सांग बरं. मी वाक्य म्हटलं. तिने परत म्हणायला लावलं. मग हसली. लग्नाआधी हसायची तशी. अजून एक भाकरी वाढली. तिने पिशवी भरलेली नव्हती. म्हणाली, तू बोलल्यावर ठरवू भरायची का न्हाई ते.
दाजी उद्या दुपारी जेवायला येतायत.
संध्याकाळी मारुतीच्या देवळात गेलो. सप्ता आहे. सात दिवस वीणा कोणाच्या तरी गळ्यात असतेच, जमिनीला टेकू द्यायची नाही. ज्याच्या गळ्यात ती, त्याने उभं राहून नाम घ्यायचं. दुसरा कोणी येऊन पाया पडून सोडवेपर्यंत हलायचं नाही. येणारा-जाणारा त्याच्या पाया पडतो, मग तो पोरगा असो की म्हातारा. बघता बघता अंगावर काटा आला. दादांनी सांगितलेला खांब तो हाच. आणि आंतरिक बळ मिळवायला यापेक्षा चांगली जागा कुठली?
वीणेचे पहारे, म्हणजे पाळ्या, लावणाऱ्या भगवानरावकाकांना म्हटलं, उद्या दुपारचा पहारा मला द्या. ते म्हणाले, दुपारला बाया असतात रे, मानसं रानात जातात म्हनून. पन घे, चतुराबाईचा पहारा हाय, तिचे गुडघे धरलेत.
प्लॅन असा: दुपारी पहारा, त्यातून बळ, बळ घेऊन थेट घरी, मग वाक्य. दाजी जेवण झाल्यावर वामकुक्षी घेतातच. वेळ भरपूर आहे.

३ डिसेंबर, बुधवार. संध्याकाळ.
जे झालं ते क्रमाने लिहितो, म्हणजे मलाही नीट दिसेल.
दुपारी वीणा गळ्यात घेतली. देवळाच्या दारातून रस्ता दिसतो. दाजींची मोटारसायकल आमच्या गल्लीत वळली. मी नाम घेत होतो. बळ येतंय असं वाटत होतं, म्हणजे छातीत धडधडत होतं.
पहारा संपला तशी भिवराबाई सोडवायला आली. मी मानेनेच नको म्हटलं. बळ अजून पूर्ण आलं नव्हतं. ती म्हणाली, लेकरा, पाय धरतील. तरी नको म्हटलं. ती बाजूला बायांत जाऊन बसली आणि बाया कौतुकाने बघायला लागल्या. दोघी-तिघी येऊन पाया पडून गेल्या. पुढच्या पहाऱ्याची बाई आली, तिलाही नको म्हटलं. भगवानरावकाका म्हणाले, दत्तरावचं पोरगं लय भाविक निघालं.
मग आक्का आली. चालत, भरभर. म्हणाली, त्यांचं जेवन झालंय. आन्ना काही बोलंनात. चल की रुद्रा.
वीणेकऱ्याने नामाशिवाय बोलायचं नसतं. मी नाम घेतलं.
ती म्हणाली, दे मग, मी धरते. दुपारला बायाच धरतात. तू जा, बोलून ये, तवर मी हितंच हुबी राहते. आणि वीणेच्या पट्ट्याकडे दोन्ही हात पुढे केले.
हात सुटेनात. खरंच सुटेनात. मी खूप प्रयत्न केला असं मला आठवतं. तोंडातून वाक्य यायला पाहिजे होतं आणि नामच येत होतं. मी नाम जरा मोठ्याने घेतलं.
ती तशीच हात पुढे करून उभी राहिली. भिवराबाई बसल्या जागेवरून आमच्याकडे बघायला लागली. मग आक्काने हात खाली घेतले, वाकली, इतर बाया पडतात तशी माझ्या पाया पडली आणि घरी गेली. मोठ्या बहिणी कधी धाकट्या भावाच्या पाया पडत नाहीत. पण नमस्कार वीणेला होता, मला नाही. हे समजून घेतलं पाहिजे.
ऊन उतरल्यावर मोटारसायकल देवळासमोरून गेली. आक्का मागे बसली होती, पिशवी मांडीवर. दाजींनी देवळाकडे बघून हात जोडले. माझ्या हातात वीणा होती, नाहीतर मीही जोडले असते. म्हणजे थांबवलं असतं. थांबवलं असतं असंच लिहायचं होतं.
त्यानंतर सोडवायला कोणीच आलं नाही. भाविक आहे, उभा राहू द्या, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं होतं. दिवे लागले तेव्हा मीच भगवानरावकाकांना डोळ्यांनी खुणावलं. घरी आलो तर आण्णा अंगणात बसलेले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मी त्यांच्याकडे.

६ डिसेंबर, शनिवार. परभणी.
वर्गात दादांनी विचारलं, या आठवड्यात खांबासारखं कोण उभं राहिलं? मी हात वर केला. वीणेचं सांगितलं. दुपारपासून दिवेलागणीपर्यंत, एकट्याने. टाळ्या पडल्या. दादांनी खांद्यावर हात ठेवला. पुढच्या वर्गात अनुभवकथन माझंच आहे.
बिरदेव रूमवर भाकरी थापत होता. म्हणाला, आक्का कुठं हाय? मी म्हटलं, सासरी. त्याने तव्यावरची भाकरी उलटलीच नाही. भाकरी करपली. भांडी मी घासली.

८ डिसेंबर, सोमवार.
आक्काचा फोन, दाजींच्या मोबाईलवरून. आवाज बारीक. मी म्हटलं, आक्का, बरी आहेस ना? ती म्हणाली, पाय दुखत असतील रे तुझे, लय येळ हुबा होतास. कोमट पान्यात मीठ टाकून बस.
मग म्हणाली, ह्यांच्याकडं देते. मुद्दाम दिला असावा. दाजी म्हणाले, बोला महारुद्र.
वाक्य पूर्ण पाठ होतं. सुरुवातही केली, दाजी म्हणून. ते म्हणाले, हं?
मी म्हटलं, जेवलात का?
जेवलो म्हणाले. फोन ठेवला.
पाय खरंच दुखतायत, तिला कसं कळलं कोण जाणे. रडू आलं. संकल्पात ते बसतं की नाही, दादांना विचारायचं राहिलं. बिरदेवने न विचारता पाण्याला हीटर लावून दिला आणि दार ओढून बाहेर गेला. बादलीत पाय सोडून बसलो आहे. रूमवर मीठ होतं. ते टाकलं नाही.