कुणाचं मूल, ते विचारायचं नाही

३ फेब्रुवारी, सोमवार

दादा म्हणजे दगड आहे. दगड!

काल त्याचा वाढदिवस. अठ्ठावन्न पूर्ण झाली. आई, वहिनी, आम्ही दोघं, सगळे त्याच्याकडे जेवायला. वहिनी म्हणत होती, आता दुसऱ्यांदा वाढणार नाही, डॉक्टरांनी सांगितलंय. त्याने आईकडून गुपचूप वाढून घेतलं. छान चाललं होतं. आणि हात धुताना, नळ गळतोय असं सांगावं तसा म्हणतो, "ठमे, तुझ्या त्या थंड खोलीचं काही खरं नाही हं. आमच्या खात्याने यंदा वाट्यावर फुली मारलीय."

वाटा म्हणजे सहा देशांच्या सामायिक साठ्यातला आपला वाटा. साठा घटसर्पाच्या सीरमचा. तो ठेवलाय आपल्याकडे, सरकारी औषध भांडाराच्या तळघरात, आणि किल्ली माझ्याकडे. अर्थखात्याचा सचिव माझा सख्खा भाऊ. सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणून तर तो माझ्या बाबतीत जरा जास्तच ताठ.

"इतक्या वर्षांत आपल्या देशाने किती बाटल्या वापरल्या?"

"एकही नाही."

"मग?"

मी म्हटलं, गाडीची स्टेपनी वापरली नाही म्हणून कुणी काढून टाकतं का? तर म्हणे, "स्टेपनी माझ्या गाडीत असते. पाच शेजाऱ्यांच्या गाड्यांना मी का पुरवू?"

आई म्हणाली, भांडायचं तर अंगणात जा. गेलो. तिथेही भांडलो. दादाने वाक्यं पाठ करून ठेवली होती, माझ्याकडे नुसता राग होता. हे काही खरं नाही. रागाने समिती हलत नाही. चौदा तारखेला खर्च ठरवणाऱ्या समितीसमोर बोलायचंय, दादाही तिच्यात आहे, त्याआधी नीट तयारी करायला हवी.

४ फेब्रुवारी, मंगळवार

सकाळचा फोन. सहाही देश. काही नाही.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

भाषण लिहितेय. तिसऱ्यांदा फाडलं. यांना वाचून दाखवलं, तर पहिल्याच पानावर यांचे डोळे मिटले! उठवलं तेव्हा म्हणाले, "तू मला जसं सांगतेस तसं सांग ना त्यांना."

यांना कसं सांगते मी? असं—

घटसर्प झाला की घशात राखाडी पडदा धरतो. श्वास कोंडतो, विष हृदयापर्यंत जातं. सीरम लवकर द्यावं लागतं. एक दिवस उशीर म्हणजे फार उशीर. सीरम घोड्यांच्या रक्तापासून बनतं, आणि बनवणारे कारखाने जगात मोजकेच उरलेत. एका देशाच्या चार बाटल्यांसाठी कुणी कारखाना चालू करत नाही. "गिऱ्हाईक नाही" म्हणतात आणि फोन ठेवतात. सहा देशांनी मिळून मागणी केली तेव्हा कुठे त्यांनी दार उघडलं. ती मागणी घेऊन मीच गेले होते. त्या वेळी माझे केस काळे होते.

आणि रोज नऊचा फोन. सहा भांडारं, सहा माणसं. कुणाकडे संशयित रुग्ण आहे का, कुठल्या गावात, कुठल्या बंदरात. बहुतेक दिवशी सगळे म्हणतात, काही नाही. दादाला याचंच सगळ्यात हसू येतं. "काही नाही हे सांगायला सहा देशांचा फोन!" अरे, पण ज्या दिवशी काहीतरी असतं, त्या दिवशी पाच देशांना ते सव्वानऊपर्यंत कळलेलं असतं! आपल्या बंदराला त्याच दिवशी कळतं कुठल्या बोटीवर नजर ठेवायची ते. रोग काय शिक्का मारून घेऊन येतो का?

आमचा एक नियम आहे. साठ्यातून मागणी करताना तीनच गोष्टी सांगायच्या. वय. आजाराचा कितवा दिवस. पडदा कुठवर आलाय. नाव नाही, गाव नाही, कुठल्या देशाचा माणूस ते नाही. सुरुवातीलाच ठरवलं सगळ्यांनी, कारण एकदा का निवडायला लागलो की निवडतच बसणार. तोवर पडदा घसा व्यापतो.

हे एवढं सांगायचं. संपलं. भाषण नको.

१० फेब्रुवारी, सोमवार

आजच! आजच यायचं होतं!

सकाळच्या फोनवर आधी चार जण "काही नाही" म्हणाले. मग पलीकडची. समुद्रापलीकडच्या देशातली डॉक्टर. तिला मी कधी पाहिलेलं नाही. आम्ही दोघी एका तिसऱ्याच भाषेत बोलतो आणि दोघी मिळून ती मोडतो. रोज माझ्या गुडघ्याची चौकशी करते. आज गुडघा नाही. सरळ म्हणाली, "वय चार. दिवस तिसरा. दोन्ही बाजूंना."

स्वेटरकाका खोक्यात बर्फाच्या पिशव्या रचायलाही लागले. हे आमचे शीतगृहाचे तंत्रज्ञ, बारा महिने दोन स्वेटर घालून असतात, पुढच्या वर्षी निवृत्त होतील. तेवढ्यात वरून निरोप. अर्थखात्याचा आदेश आहे, समितीचा निर्णय होईपर्यंत साठ्यातलं काहीही बाहेर जाणार नाही.

दादाला फोन लावला. मीटिंगमधून बाहेर आला, तेवढं मात्र केलं त्याने.

"पाठवू नको असं मी म्हणत नाही, ठमे. एकच विचार तिला. मूल कुणाचं आहे? आपली कितीतरी माणसं तिथे कामाला आहेत. मूल आपलं निघालं तर मी आत्ताच्या आत्ता सही करतो. आणि समितीतही तुझं काम सोपं होईल."

वाईट हेतूने नाही म्हणाला. मला वाट काढून देत होता. ते कळलं म्हणूनच जास्त लागलं.

"नाही विचारणार."

"हट्टी आहेस."

"आहे."

फोन ठेवला आणि माझ्या सहीने खोकं पाठवलं. स्वेटरकाकांनी मला आदेशाबद्दल एक शब्द विचारला नाही. दोरी बांधली, गाठ दोनदा ओढून पाहिली आणि गाडीत बसले.

११ फेब्रुवारी, मंगळवार

पोचलं. दिलं. वाट बघायची.

दुपारी "कारणे दाखवा" आली. आदेश मोडून साठा बाहेर का पाठवला? उत्तर दिलं, आजाराचा तिसरा दिवस होता. एवढंच. हे म्हणाले, जरा दोन-चार ओळी तरी लिही. कशाला? कारण तेवढंच होतं.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

समिती. लांब टेबल, सात माणसं, पंख्याचा खडखडाट. दादा मधोमध. तिथे मी ठमी नाही, मी "मॅडम".

यांना सांगते तसं सांगितलं. कारखान्याचं, बंदराचं, नऊच्या फोनचं. ऐकत होते! कोपऱ्यातल्या एका म्हाताऱ्या सदस्यांनी तर चष्मा काढून ठेवला. मग दादाने सुरुवात केली. खरं सांगते, छान बोलतो तो. आपल्याकडे मुलांना लस मिळते. आपली इस्पितळं गळतात, परिचारिका कमी आहेत, आपल्या माणसांचं आधी बघायला नको का? हा प्रश्न खोटा नाही. मी तसं म्हटलंसुद्धा. पण घर दुरुस्त करायचं म्हणून कुणी गल्लीतला बंब विकून टाकत नाही. आणि आपल्याला लस मिळाली ती लहानपणी. मोठेपणी तिचा जोर उतरतो. या टेबलाभोवती बसलेल्यांपैकी पुन्हा कुणी घेतलीय? हात वर करा!

एकही हात वर आला नाही. दोघं हसले. दादा हसला नाही.

"मॅडम, सोमवारी आपण आदेश मोडून औषध पाठवलंत. ते मूल कुणाचं होतं?"

"माहीत नाही."

"विचारलं नाहीत?"

"नाही. आज मी विचारलं तर उद्या ते आपल्याला विचारतील."

"उद्या आपल्याला लागेल हे कशावरून?"

"लागणार नाही हे कशावरून?"

अध्यक्षांनी घड्याळ पाहिलं. निर्णय चोवीसला.

जिन्यात दादा भेटला. "बरी बोललीस." मी म्हटलं, मग मत दे ना! तो म्हणाला, "ठमे, मला एक मूल दे दाखवायला. आपलं एक मूल. आकड्यांवर मी मत फिरवू शकत नाही." आणि खाली निघून गेला.

१७ फेब्रुवारी, सोमवार

मुलाचा घसा मोकळा झाला! पलीकडचीने ओरडूनच सांगितलं. पेज प्यायलं, मग चमचा फेकला. चमचा फेकला म्हणजे बरं आहे! स्वेटरकाकांनी आनंदाने वरचा स्वेटर काढला, शिंकले, परत घातला.

ती म्हणाली, "त्याची आई तुला भेटायचं म्हणते. ती—" आणि मी एकदम म्हटलं, "थांब. नको सांगू."

जिभेवर आलं होतं. कुठली गं ती? दोन शब्द. कदाचित दादाला हवं होतं ते मूल हेच असेल. आज साठा वाचला असता. पण मग पुढचं मूल, जे आपलं नसेल, त्याच्या वेळी मी कुठल्या तोंडाने खोकं बांधू? आणि ज्या दिवशी मागणारे आपण असू, त्या दिवशी?

नाही विचारलं. दिवसभर स्वतःवरच चिडले होते. तरी बरोबर केलं. बरोबरच केलं.

२४ फेब्रुवारी, सोमवार

हरलो. चार विरुद्ध तीन. आपण साठ्यातून बाहेर.

चष्मा काढणारे म्हातारे माझ्या बाजूने. दादा विरुद्ध.

२८ फेब्रुवारी, शुक्रवार

साठा पलीकडे गेला. उरलेले पाच देश तिथे ठेवणार आहेत. स्वेटरकाका आणि मी, दोघांनी मिळून सगळं बांधलं. शेवटचं खोकं गेल्यावर त्यांनी खोलीचं थंड करायचं यंत्र बंद केलं. इतक्या वर्षांचा तो घरघर आवाज थांबला तर कानच दुखायला लागले. काका म्हणाले, "आता इथे उकडेल." मग दोघंही पायरीवर बसून रडलो. लाज कसली त्यात.

पण हे शेवटचं नाही. पुढच्या वर्षी पुन्हा अर्ज करणार. त्याच्या पुढच्या वर्षीही. म्हाताऱ्या सदस्यांना भेटून आले, ते म्हणाले, मी आहे. दोन आरोग्याधिकारी तयार आहेत. इस्पितळातल्या परिचारिकांच्या प्रमुखबाई तर म्हणाल्या, मला समितीसमोर न्या, घशातला पडदा कसा असतो ते मी त्या सचिवाला दाखवते! मोठ्या माणसांना पुन्हा लस द्या, असंही लिहून पाठवलं. ते कुठल्याशा टेबलावर पडलं असेल. पडू दे. मी उचलायला जाईन.

दादाशी बोलत नाही. आई म्हणते, बोल. नाही बोलणार.

५ मार्च, बुधवार

नऊ वाजता सवयीने फोनजवळ जाऊन बसले. आता आपल्याला कुणी लावत नाही. हे चहा घेऊन आले, शेजारी बसले.

६ मार्च, गुरुवार

दादाचं खातं बंदरावर गोदामांची पाहणी करायला गेलं होतं. वहिनी सांगत होती. दादा दिवसभर खलाशांच्या कोंडाळ्यात उभा होता, जेवायलाही आला नाही.

१० मार्च, सोमवार

सकाळीच वहिनीचा फोन. दादाला कालपासून ताप आहे, घसा धरलाय. "एरवी ऐकत नाहीत, आज बोलतही नाहीत." हसत होती. मला हसू येईना. म्हटलं, चमच्याने जीभ दाबून टॉर्च लाव आणि घशात बघ. ती गेली. परत आली तेव्हा तिचा आवाज बदलला होता. "काहीतरी राखाडी आहे गं. चिकटलेलं."

रिक्षा बोलावलीय. निघते.

१० मार्च, दुपार. इस्पितळातून

डॉक्टरांनी पाहिलं. तेच आहे. दुसरी औषधं सुरू केली. सीरमची देशात एकही बाटली नाही.

पलीकडचीला फोन लावला. म्हटलं, मला माहीत आहे, आम्ही आता तुमच्यात नाही, पण—

"वय?"

"अठ्ठावन्न."

"दिवस?"

"दुसरा."

"पडदा?"

"एका बाजूला. टाळूपर्यंत."

"संध्याकाळच्या विमानाने येईल." मग म्हणाली, "आमच्या बंदरात आठवडाभर चाललंय. रोज नऊला सांगतोय आम्ही." आणि तिने फोन ठेवला.

फोन मोठ्या आवाजावर होता. दादा खाटेवरून सगळं ऐकत होता. त्याने वहीसाठी खूण केली. मी ही वही पुढे केली. त्याने इथेच, खाली लिहिलंय—

तिने विचारलं नाही, मी कुणाचा?