बाभळीपर्यंतची दुर्बीण

दादा, मागच्या शनिवारी मी परभणीत एक दुर्बीण विकत घेतली. लहानशी, मिटली की ओंजळीत मावणारी, स्वस्तातली. माझ्यासाठी नाही, शाळेसाठी. तुमची लेक झरीच्या शाळेत विज्ञान शिकवते हे तुम्हाला माहीत नाही. बी.एस्सी. झाले, आपल्या घरात पदवी घेणारी पहिली, हेही तुम्ही गेल्यानंतरचं. हिवाळ्यात येलदरी धरणाच्या पाण्यावर बाहेरगावचे पक्षी उतरतात ते मुलींना दाखवायचं असं मी वर्षभर मनात धरलं होतं. हेडमास्तर हसले. म्हणाले, "बाई, पाखरं बघायला झरी सोडून जायची काय गरज? पण तुमचा हट्टच आहे तर आणा एक दुर्बीण. महागाची नको."

दुकानदाराने काचेच्या कपाटावर तीन दुर्बिणी मांडल्या. मी प्रत्येक हलवून पाहिली, आत काही खुळखुळतं का म्हणून. उलटी धरून उजेडाकडे केली, काचेवर धूळ किंवा बुरशी आहे का म्हणून. मग पायरीवर उभी राहून रस्त्यापलीकडच्या विजेच्या खांबाकडे लावली. पहिलीतून एकाचे दोन खांब दिसले. दोन्ही नळ्या एका रेषेत नव्हत्या; असल्या दुर्बिणीतून घटकाभर पाहिलं की डोकं दुखायला लागतं. दुसरी चांगली होती, पण पुरेशी मिटत नव्हती. लहान मुलींचे डोळे जवळजवळ असतात. त्यांना तिच्यातून एकाच डोळ्याने बघावं लागलं असतं. दुकानदार तिसरी पुढे करून म्हणाला, "ही घ्या, लाल काचेची. समदे हीच नेतात." लाल काच दिसायला झोकदार असते, तिच्यातून पाणी मात्र हिरवट आणि मळकं दिसतं. मी म्हटलं, साध्या काचेची दाखवा. तो कपाटात वाकला आणि आतूनच बोलला, "ताई, दुर्बीण बघायलाव का लेकीला स्थळ?" दुकानातले सगळे हसले. मीही हसले.

चौथी मला पसंत पडली. तिच्यातून मी पलीकडच्या औषधाच्या दुकानाची पाटी वाचली. अक्षरं काळी, कडा स्वच्छ. मग जवळच उभ्या असलेल्या पेरूच्या गाडीकडे वळवली, तर पेरू धुकट. मधलं चाक थोडं फिरवलं, पेरूवरचे ठिपके दिसू लागले. पुन्हा पाटीकडे पाहिलं, तर आता पाटी धुकट. पुन्हा चाक. असं दोन-तीनदा केलं आणि माझा हात चाकावरच थांबला. दुकानदार विचारत होता, "काय झालं ताई? चक्कर आली का?" मला तुमची दुर्बीण आठवली होती. तिचं चाक फिरत नाही.

तुम्ही ती परभणीच्या उरुसातून आणली होती. गुडघे धरल्यापासून तुमच्याने होडी वल्हवून सगळं पाणी फिरणं होत नव्हतं. तुम्ही मच्छीमार सोसायटीचे राखणदार. पावसाळ्यात मासे अंडी घालतात, तेव्हा मासेमारी बंद, आणि नेमकं तेव्हाच लोक चोरून जाळी टाकायचे. टेकाडावर बसून पाण्यावर नजर ठेवता यावी म्हणून ती दुर्बीण. विकणाऱ्याने ती तुमच्या डोळ्यांना लावून, दूरच्या मिनाराकडे बघायला सांगून चाक बसवून दिलं होतं आणि बजावलं होतं, "एक बार बैठ गया सो बैठ गया चचा, फिर हात नको लगाव." तुम्ही हे आम्हाला इतक्यांदा ऐकवलं की मी आणि माय ते पाठ म्हणून दाखवायचो. चाकाला तुम्ही मलाही हात लावू दिला नाहीत. उन्हाळाभर ती छान चालली. टेकाडावरून तुम्हाला पलीकडच्या काठावर पाणी प्यायला आलेल्या म्हशीची शिंगं दिसायची, आणि ती कोणाची म्हैस हे तुम्ही घरी येऊन सांगायचे.

पहिल्याच पावसाळ्यात तिच्या आत वाफ धरली. दुकानात न्यावी तर विद्यापीठाच्या नामांतरावरून सगळीकडे पेटलेलं, गाड्या बंद. मी चौथीत होते, आमची शाळाही बंद होती. तुम्ही ओट्यावर धोतराचं फडकं पसरून ती खोलली, काचा पुसल्या, चुलीजवळच्या उबेला ठेवल्या आणि पुन्हा जोडली. पण या सगळ्यात चाक फिरलं होतं. ते परत बसवायचं कसं? आता मला ते सगळं समोर दिसतं. तुम्ही ओट्यावर खांबाला टेकून बसला आहात. मी पाटी घेऊन चिखलातून पळत विहिरीजवळच्या बाभळीखाली जाते. मी पाटीवर अक्षर काढते, डोक्यावर धरते. तुम्ही चाक फिरवता.

"दिसलं का दादा?"

"दिसायलंय, पण हालायलंय. नीट धर."

"आता?"

"ग! ग हाय का?"

"ग च हाय!"

अक्षरं तुम्ही माझ्याबरोबरच शिकला होता. 'ण' काढला तेव्हा तुम्ही लवकर ओळखला नाही आणि मी बाभळीखालून ओरडले, "दादा, नापास!" मग तुम्ही मला बोलावून घेतलं आणि मी बघितलं. बाभळीचा काटा न् काटा मोजून घ्यावा इतका साफ. मी म्हटलं, आता हलवू नका. तुम्ही होडीच्या फटी बुजवायचं डांबर गरम केलं आणि काडीने सगळ्या सांध्यांवर भरलं, चाकावरही. आता पाणी शिरणार नाही आणि बसलेलं चाक हलणार नाही. आपण दोघे किती खूश होतो. मायने हातातली भाकरी थापता थापता विचारलं, "झाली का तुमची होडी?"

त्याच पावसाळ्यात जाळी पडली. एकदा नाही, बऱ्याचदा. तुम्ही दिवसभर टेकाडावर दुर्बीण लावून बसायचे आणि जाळ्यांचे तरंगते डबे तुम्हाला दिसले नाहीत. सोसायटीचे चेअरमन घरी आले तो दिवस मला आठवतो. ते ओट्यावर बसले नाहीत. अंगणातच उभ्याने बोलले, "काय राखणदार, दिसना गेलंय का बघंना गेलाव? लोक म्हनायलेत, ह्याच्या घरी मासळी जायलीय." माय आतून बाहेर आली. म्हणाली, "आमच्या चुलीवरचं झाकन काढून बघा की मालक." तुम्ही तिला हाताने थांबवलंत. तुमचा चेहरा मी त्याआधी तसा कधी पाहिला नव्हता. तुम्ही म्हणालात, "बेइमानी न्हाई केली, मालक. माजी नजर गेली. दुर्बिणीतून बी धुकट दिसायलंय. दुसरा मानूस बघा." आणि सोसायटीची काठी आणि शिट्टी त्यांच्या पायाशी नेऊन ठेवलीत.

तुम्ही तेव्हा चाळिशीचेही नसाल. नजर गेलेला माणूस म्हणून तुम्हाला कुणी काम दिलं नाही, आणि तुम्हीही मागितलं नाही. दुसऱ्याची शेरडं राखली. जिंतूरला डोळे तपासायचं शिबिर भरलं तेव्हा मी हट्ट धरला. मी तेव्हा सातवीत, सगळं शिबिरांनी आणि पुस्तकांनी बरं होतं असं वाटायचं वय. तुम्ही म्हणालात, "दुर्बिणीतून दिसंना, मंग चष्म्यातून काय दिसल, बाई?" तुमच्याशी वाद घालण्याइतकं मला येत नव्हतं, आणि येऊ लागलं तोवर तुम्ही तापात गेलात. गावाने शेवटपर्यंत दोनच गोष्टी धरल्या: काही म्हणायचे आंधळा झाला होता, काही म्हणायचे खाऊन आंधळा झाला होता.

कॉलेजात मी भिंगं शिकले. दूरच्या वस्तूचे किरण कसे येतात, जवळच्या वस्तूचे कसे, दोन भिंगांमधलं अंतर का बदलावं लागतं. रेषा पट्टीने आखल्या, बाण काढले, सरांनी वहीवर शाबासकी लिहिली. आणि पत्र्याच्या पेटीत पडलेली आपली दुर्बीण मला एकदाही आठवली नाही. मुलींना मी सांगत असते की विज्ञान चुलीपाशी, विहिरीपाशी, सगळीकडे असतं. ते आपल्या ओट्यावर होतं, दादा, आणि मला ते पेरूच्या गाडीपाशी कळलं.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. मी गावी गेले. मायला काही न सांगता पेटी उघडली. डांबर दगडासारखं झालंय, चाक तसंच आत रुतलेलं. टेकाडावर जाऊन मी पाण्याकडे पाहिलं. सगळं धुक्यात असल्यासारखं. माझ्या तरण्या डोळ्यांना काठ कुठे संपतो आणि पाणी कुठे सुरू होतं ते कळेना. मग नवी लावली, चाक फिरवलं. पलीकडच्या कडेला एक बगळा एका पायावर उभा होता. तुमची नजर गेलेली नव्हती, चाक बाभळीच्या अंतरावर बसलेलं होतं. ही गोष्ट सांगायला मी इकडेतिकडे पाहिलं. चेअरमन मागच्याच वर्षी वारले. सोसायटी मोडली. तिथे मी, एक होडी आणि तो बगळा.

घरी येऊन मायला सांगितलं. ती गहू निवडत होती. तिने सूप खाली ठेवलं. मग म्हणाली, "मंग तुजा अभ्यास कसा बघायचे ते?"

मी विसरले होते. काम सुटल्यावर तुम्ही संध्याकाळी ओट्यावर बसून दुर्बीण लावायचे ती पाण्याकडे नाही, विहिरीकडे. बाभळीखाली मी अभ्यासाला बसलेली असायची. माय ओरडायची, "पोरीकडं कामून दुर्बीण लावून बसलाव? लोक हासायलेत." तुम्ही म्हणायचे, "लय साफ दिसायलंय." आम्हाला ती थट्टा वाटायची. तुमच्या त्या दुर्बिणीतून जगात तेवढंच साफ दिसत होतं: ओट्यापासून बाभळीपर्यंत.

चाक मोकळं करावं म्हणून मी विळी घेऊन बसले होते. डांबराला पातं लावलं आणि मग उचललं. तुम्ही बसवून ठेवलेलं अंतर त्यात आहे, ते एकदा हललं की मला परत बसवता येणार नाही. त्याऐवजी मायला म्हटलं, तू बाभळीखाली जाऊन उभी राहा. कुरकुर करत गेली. मी तुमच्या जागी, खांबाला टेकून बसले. "इकडं बघ, माय," मी ओरडले. तिला लाज वाटली. "हे काय पोरावानी," म्हणत तिने तोंड फिरवलं. गोल काचेत मला तिची पाठ दिसली. झंपराचं ठिगळ आणि त्याची पांढरी शिवणसुद्धा दिसली.

हे पत्र कुठल्या पत्त्यावर टाकणार? दुर्बिणीबरोबर पेटीत ठेवते आहे. मायला मी एक गोष्ट सांगितली नाही, तुम्हाला सांगते. तुम्ही दुर्बीण लावलीत की मला मैत्रिणींसमोर अवघडल्यासारखं व्हायचं, आणि मी पुस्तक उचलून तुमच्याकडे पाठ करून बसायची. बहुतेक रोजच.