आईला शुगर आहे का?

ईशानीला जन्म देणाऱ्या बाईस,

तुझा पत्ता दत्तक देणाऱ्या संस्थेनं मला कधी दिला नाही, त्यामुळे हे पत्र कर्जतला माझ्या कपाटातच राहणार. तरी लिहिते, कारण काल मी फार चिडले.

ईशानीला पाचवा महिना लागलाय. खोपोलीच्या दवाखान्यात नर्सनं तिला विचारलं, "आईला शुगर आहे का?"

"आहे," ती म्हणाली. "वर लाडूही चोरून खाते."

नर्सनं ते लिहून घेतलं. मी पोरीला बाहेर ओढलं. "अगं, माझी शुगर तुला कुठून येणार? डोकं ठिकाणावर आहे ना?"

"तिनं आईचं विचारलं, मी आईचं सांगितलं. ओरडू नकोस, लोक बघतायत."

माझा भाऊ उठताबसता म्हणतो, रक्त बोलतंच. बोलतं कसलं? ही तिखट जीभ माझी आहे, माझ्याशी रोज भांडून कमावलेली. गालावरची खळी आणि झोपेतलं हसणं मात्र तुझं असणार. त्यांच्यासोबत आणखी काय आलंय, ते मला ठाऊक नाही, आणि बाळासाठी ते कळायला हवं. मी आत जाऊन म्हटलं, "सिस्टर, ते खोडा. जन्म देणाऱ्या आईचं माहीत नाही, असं लिहा." तिनं ते खोडेपर्यंत मी तिथून हलले नाही.

तुला शुगर आहे का गं? असली तर गोळ्या चुकवू नकोस. नसली तर फार बरं. आणि हे मी फक्त ईशानीसाठी विचारतेय, असं समजू नकोस.

तिच्या बोलण्याला सर्वस्वी जबाबदार,
सरोजिनी