मुद्दामच्या चुका

४ तारीख

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला, रागावू नकोस. इतर वर्गांतून तासाभरासाठी माझ्याकडे येणाऱ्या सहा भाषांतल्या पोरांना दिवसभर इंग्रजी शिकवून संध्याकाळी माझीच जीभ लुळी पडते. माझी वर्गखोली अजून शाळेच्या जिन्याखालीच. वर कुणी धावलं की फळा हलतो.

सध्या जीव एकीत अडकलाय. दुसऱ्या देशातून आलेली, नऊ वर्षांची. मी तिला मौनी म्हणते. समजतं सगळं, गणितं पटापट सोडवते, पण इंग्रजीचा एक शब्द तोंडातून काढत नाही. पंधरवड्यात तपासनीस येणार. तेव्हाही गप्प राहिली तर दोन इयत्ता खाली बसवायचं, असं मुख्याध्यापक बाईंनी सांगून टाकलंय. बारक्या पोरांत ती आणखीच मिटेल गं. मला काही सुचत नाही.

लोभ आहेच, थोडा धीरही पाठव.
तुझी दमलेली धाकटी

८ तारीख

चि. धाकटीस,
अ. उ. आ.

आधी वेळेवर जेवत जा. आणि मौनीचं काय घेऊन बसलीस? तू कोण मोठी बोलकी होतीस! पाहुणे आले की तोंडाला कुलूप. आई म्हणायची, ही मुकीच निघाली. पण मी गोष्टीतल्या कोल्ह्याला शेपूटच नाही म्हटलं, की पांघरुणातून ओरडून मला खोटं पाडायचीस. मुद्दाम चुकायचे मी, वेडे. तूही चुकून बघ.

कुरकुर, पण लिहीत राहा.
तुझी ताई

२० तारीख

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझी युक्ती साफ फसली. आठवडाभर फळ्यावर मुद्दाम चुकले. बाकीची पोरं खिदळली. मौनी नुसती बघायची, लहान मुलाचं नाटक बघावं तशी. तुझ्यासारखी सराईत खोटारडी मी नाही.

मग तपासनीस आले. आदल्या दिवशीच्या पालकसभेने माझा पार चोथा झालेला. इंग्रजीतून गणित घेत होते; अर्धा आणि पाव मिळवताना मी वरचे आकडे वर, खालचे खाली मिळवून दोन छेद सहा लिहून मोकळी झाले. ताई, खरंच चुकले. मौनी उठली, फळ्यापाशी आली आणि इंग्रजीत म्हणाली, की हे तर अर्ध्याहून कमी झालं, असं कसं होईल. मध्ये एक शब्द घरच्या भाषेतला, वाक्य लंगडं, पण बोलली. वर माझ्या हातातला खडू काढून घेतला.

ती आपल्याच इयत्तेत राहणार. आणि मुलगी बोलतेय म्हटल्यावर मदत कशाला, म्हणून तिचा माझ्याकडचा तास बंद. मी भांडले. एक वाक्य बोलली म्हणजे इतिहासाचं पुस्तक कळलं असं नाही, हे घसा फोडून सांगितलं. बाई म्हणाल्या, रांगेत अजून मुलं आहेत. तेही खोटं नाही.

आज मधल्या सुट्टीत मौनी डबा घेऊन जिन्याखाली आली. मला बाकावर बसवलं, खडू घेतला आणि तिच्या भाषेतले आकडे शिकवायला लागली, इंग्रजीतून. मी चारावरच अडखळले. तिने बजावलंय, की उद्या परत यायचं, दमले होते ही सबब चालणार नाही.

तुझ्या मायेतली थोडी तिच्यासाठीही राखून ठेव.
तुझी धाकटी