रेवा मोठी होत नाही

१४ ऑक्टोबर
नागपूरहून परत. डॉक्टरीणबाई बोलायला चांगल्या आहेत, म्हणूनच जास्त लागलं. "आता थांबा. मुलासाठी शरीराला किती त्रास देणार?" मी 'बरं' म्हटलं. भाजीवाला आज मेथी नाही म्हणतो तेव्हा म्हणते तसं.
बुटीबोरी मागे पडली. नीलेश म्हणाला, "भूक लागली काय?" लागली होती. त्याचाच राग आला.
घरी सासूबाईंनी काही विचारलं नाही. पोळ्या गरम ठेवल्या होत्या. कविता (पहिलं बाळंतपण, नणंदबाई माहेरी मुक्कामी, आठवा संपत आला) तिनंच विचारलं, "काय म्हने दादा, डॉक्टर?" नि. म्हणाला, गोळ्या बदलल्या. किती सहज खोटं बोलतो हा. शाळेत गणित शिकवतो, कोणाला शंकाही येणार नाही.

१६ ऑक्टो.
शाळेतून आल्यावर टीव्ही लावून गावात गेले. गेममधलं गाव, पण मी तर आता त्यालाच गाव म्हणते. राहतो त्या सिंदी मेघेला घर म्हणते आणि त्याला गाव.
तूर पेरता येत नाही तिथं, भोपळे लावते. चंद्री गायीचं दूध काढलं. घरात रेवा चुलीपासून टेबलापर्यंत आणि टेबलापासून चुलीपर्यंत दुडूदुडू. डोक्यावर लाल टोपी. दिवसातून एकदाच उचलता येते. उचललं, हवेत उडवलं, ती हसली. तेच हसू, तीच पिपाणी वाजते.
रेवा मोठी होत नाही. गेम बनवणाऱ्यांनी एवढंच बनवलंय. पाळणा, रांगणं, दुडूदुडू चालणं, संपलं. नि.ने इंटरनेटवर शोध शोध शोधलं होतं. पुढे काही नाही.

१९ ऑक्टो.
नि. जेवताना हळूच म्हणाला, "गाव पुसून टाकू. नवीन वसवू."
काऊन, म्हटलं. (चिडले की माझ्याही तोंडून 'का' ऐवजी काऊनच निघतं.)
"सगळंच नव्यानं. शेती करू फक्त. लग्न-बिग्न काही नाही, पोरंबाळं नाही. मासे पकडू."
गेममध्ये गावाला जागा एकच. नवीन हवं असेल तर जुनं जातं. माणसं, गोठा, भोपळे. रेवा.
म्हटलं, तू पूस. तर म्हणतो, "तुह्या हातानं पुसशील तर बरं वाटंल." कोणाला बरं वाटेल, ते नाही सांगितलं.
मी उष्टी भांडी उचलून मोरीत नेली.

२० ऑक्टो.
कधीतरी लिहायचं होतं, लिहून टाकते. सहा वर्षांपूर्वी मला पाचवा होता, पूर्ण झोपून राहायला सांगितलं होतं. नि. मित्राकडून हा जुना गेम घेऊन आला, पलंगावरून उठू नको म्हणून. आम्ही दोघांनी मिळून कुंपण घातलं, विहिरीजवळ घर बांधलं. आणि नाव ठरवलं. पोटातलीचं. आधी नाव ठेवत नाहीत म्हणतात. आम्ही ठेवलं, कुणाला सांगितलं नाही. मुलगीच होईल असं नि.ला उगाच वाटायचं. खरंच मुलगी होती, ते नंतर कळलं.
मग ते सगळं झालं.
दवाखान्यातून रिकाम्या हातानं घरी आल्यावर कितीतरी दिवस टीव्ही लावलाच नाही. नंतर लावला, तर काही दिवसांनी गेमनं सकाळी सकाळी विचारलं, तुमच्याकडे बाळ आलंय, नाव काय ठेवता? मी खोलीतून बाहेर गेले. परत आले तेव्हा नि.ने टाईप करून ठेवलं होतं.
नावाचा एवढाच वापर झाला या जगात. इंग्रजी चार अक्षरं.

३ नोव्हेंबर
कविताला मुलगी. सेवाग्रामच्या दवाखान्यात, पहाटे. दोघी बऱ्या. नि. मामा झाला, पेढे घेऊन आला. माझ्या हातावर पेढा ठेवताना माझ्याकडे पाहिलं नाही. गोड होता.

६ नोव्हें.
बाळ-बाळंतीण घरी. ओवा, शेपा, धुरी, आणि सगळीकडे लंगोट वाळत. घर कसं भरून गेल्यासारखं, आणि मला त्यात उभं राहायला जागा नाही. कविता म्हणते, "वैनी, घ्या न तिले." घेतलं. माझ्या बोटाला धरून ठेवलं तिनं, एवढ्याशा मुठीनं. लगेच परत दिलं. काम आहे म्हटलं. काही काम नव्हतं. मागच्या अंगणात जाऊन उभी राहिले आणि रडले, चांगलं रडले. नळ सोडला होता.

८ नोव्हें.
हे सगळं आजच लिहिलं पाहिजे.
गुरुजींनी पत्रिका केली. स्वाती नक्षत्र, तूळ रास. रू, रे, रो, ता. यातून नाव काढायचं. हिंगणघाटहून, कविताच्या सासरहून, फोनवर नावं येऊन राहिली होती, तिला एकही पसंत पडेना. रोहिणी जुनं, रोशनी शेजारणीचं, तारा नको.
नि. मोबाईल बघत बसला होता. वर न बघता म्हणाला, "रेवा ठेव."
माझ्या हातात लाटणं होतं.
कविता म्हणाली, "अरे वा दादा! रेवा. मस्त हाय व."
मला काय वाटलं ते धड लिहिता येत नाही. तिचं नाव. हिला. आपली वस्तू दुसऱ्याच्या घरी दिसावी तसंही नाही, त्याहून वाईट, आणि त्याहून थोडं बरंही. कारण एक क्षण वाटलं, की या घरात त्या नावानं मोठ्यानं हाक मारतील. 'रेवा, इकडे ये.' कोणीतरी ओ देईल.
तेवढ्यात सासूबाई देवघरातून म्हणाल्या, "रेवा? ते त यायच्या टीव्हीतल्या गाईचं नाव हाय ना? रोज आयकतो मी. रेवा कुठं गेली, रेवाले उचल, रेवा झोपली काय."
कविता हसत सुटली. "गाईचं नाव नको रे दादा! सासरचे काय म्हनतीन मले!"
सगळे हसले. जावई फोनवर होते, तेही हसले. नि. हसला नाही. त्यानं माझ्याकडे पाहिलं. मी सांगेन असं वाटलं असेल त्याला.
सासूबाईंनी विचारलं, "गाईचंच ना व?"
मी म्हटलं, "हो आई. गाईचं."

रात्री नि. बोलला नाही.

९ नोव्हें.
बोलला. सकाळी बूट घालताना. "मोठ्यानं हाक मारली असती कोणी तिले. एवढंच पाह्यजे होतं मले." मी म्हटलं, मला नको होतं. ती आपली आहे. "आपली कुठं हाय?" असं म्हणाला. मग फाटकाजवळून परत आला, बुटांसकट आत, आणि म्हणाला, "पुसून टाक मंग. गायच हाय ना."
इतकं कडू कधी बोलला नव्हता. बोलला ते खरंच होतं, हेच वाईट.
मी नाव वाचवलं की पोरगी बुडवली? दिवसभर शाळेत दाखले लिहीत हाच विचार. एका मुलीच्या दाखल्यावर आईच्या नावाच्या जागी तिचंच नाव लिहिलं. फाडून दुसरा केला.

१० नोव्हें.
गावात गेले नाही.

११ नोव्हें.
गेले. ती तिथंच. चूल, टेबल, चूल. मी आले नाही हे तिला कळतही नाही. उचललं नाही आज.

१५ नोव्हें.
बारसं. नाव ठरलंय रुही. छान आहे, मला खरंच आवडलं.
कानात नाव सांगायला आत्या लागते, आणि जावयांना बहीण नाही. कविता म्हणाली, "वैनी सांगन." तेव्हा समोरच्या काकू पदराआडून म्हणाल्या, "दुसरं कोनी नाई काय?" एवढ्या हळू, की सगळ्यांनी ऐकलं. मला राग आला नाही, लाज वाटली. का वाटावी? पण वाटली. सासूबाई म्हणाल्या, "हे हाय ना. मंग दुसरं कायले पाह्यजे." काकू घुगऱ्या खात बसल्या.
पाळण्यावर वाकले. बाळाचा कान किती लहान, केसाळ, तेलकट. बायका पाठीत बुक्के मारायला तयारच होत्या. मी रुही म्हटलं. रुहीच म्हटलं. मनात दुसरं आलं होतं, ओठापर्यंतही आलं. नाही म्हटलं. हिचं हिला मिळू दे.
कुर्रर्र. पाठीवर धपाधप. हसले मी, फोटोत हसलेली दिसते.
संध्याकाळी नि.ने माझ्या पाठीवर हात फिरवला. लागलं का, म्हणाला. इतक्या दिवसांनी हेच पहिलं वाक्य.

२२ नोव्हें.
पुसायला बसले. एकटी होते. नि. शाळेत, मी रजेवर, सासूबाई आणि कविता बाळाला घेऊन दवाखान्यात दाखवायला.
नवीन गाव वर दाबलं. गेमनं इशारा दिला, तुमची सगळी प्रगती नष्ट होईल. प्रगती! वाचून हसूच आलं. कोणती प्रगती, बाई? भोपळ्यांची?
बाण 'हो' वर आणला. बटणावर बोट ठेवलं. हा विचार केला की पुसल्यावर उद्यापासून संध्याकाळी काय करायचं, आणि पुसलं नाही तर उद्यापासून संध्याकाळी काय करायचं. दोन्ही सारखंच भयाण वाटलं. मग दाबलंच, खरंच दाबलं. कंट्रोलरची बॅटरी गेली होती. दिवा लुकलुकला आणि बंद.
धड पुसताही येत नाही मला.
सेल बदलले नाहीत. भाजी निवडली.

२३ नोव्हें.
नि.ला सांगितलं. तो म्हणाला, "दाबलं होतं खरंच?" हो. मला वाटलं होतं बरं वाटेल त्याला. त्याचे डोळे भरले. मग आम्ही दोघं रडलो, दार लावून, बाळ उठू नये म्हणून हळू. चांगलं झालं असं नाही म्हणता येणार. रडून झाल्यावर दोघांचंही डोकं दुखत होतं.

७ डिसेंबर
हिवाळा आला. बाळ हसायला लागलं. माझ्याकडे पाहून जास्त हसतं, कविताच म्हणते. मी तिला 'रुही' म्हणते, दर वेळी आधी अर्धा सेकंद थांबून. कुणाच्या लक्षात येत नसावं.
नि.ने सेल आणून ठेवलेत टीव्हीजवळ. घालायचे की नाही ते माझ्यावर. सगळं माझ्यावरच का? म्हटलं त्याला. "कारण मी नाव टाकलं होतं," म्हणाला. "आता मह्या हातानं नाई होत."

२६ डिसें.
कविता सासरी गेली. जावई गाडी घेऊन आले. काजळाचा टिक्का, कुंची, बांगड्या, गाद्या, पाळणासुद्धा. जाताना बाळ झोपलेलंच. "वैनी, येतो बरं," कविता म्हणाली आणि माझ्या गळ्यात पडली, "हिंगनघाटले येजो. तिले तुही सवय झाली." मी 'येईन' म्हटलं.
घर एकदम मोठं झालं. सासूबाई दुपारी दोरीवरचे लंगोट काढत बसल्या होत्या. एक राहिला होता मागे.

२८ डिसें.
सुट्टी. दुपारी सेल घातले.
सासूबाई आल्या, खुर्ची ओढून बसल्या. "घर खायले उठलं. दाखव बरं तुही ते गाय."
मी गोठ्याकडे नेलं. गोठ्याच्या दारापर्यंत गेले. आत चंद्री होती, दाखवली असती तर काम भागलं असतं. त्यांना इंग्रजी वाचता येत नाही. पण नाही जमलं मला. पुन्हा नाही. वळले आणि घरात नेलं.
"ही गाय नाही आई. ही रेवा."
चष्मा वर केला, खाली केला. टीव्हीजवळ गेल्या. ती चालत होती, चूल, टेबल. खूप वेळ बघितलं त्यांनी. मग म्हणाल्या, "आपली आता शाळेत जात असती."
मला वाटायचं, त्या विसरल्या. कधी बोलल्याच नाहीत. मी 'हो' म्हटलं.
"अन् हे मोठी कवा होते?"
"नाही होत."
"काऊन?"
"असंच आहे ते. एवढीच राहते."
नि. दाढी करत होता, तोंडाला साबण तसाच, दारात येऊन उभा. सासूबाईंनी त्याला विचारलं, "तू पुसतो पुसतो, नवीन करतो म्हनत होता ना रे? नवीन केल्यावर होते काय मोठी?"
नि.ने माझ्याकडे पाहिलं. नाही, एवढंच म्हणायचं होतं. गणिताचा मास्तर. नाही म्हणाला.
म्हणजे 'नाही' असं म्हणाला नाही. काहीच म्हणाला नाही. मीही नाही.
सासूबाईंनी आमच्या दोघांच्या तोंडाकडे पाहिलं, आणि खुर्ची जरा टीव्हीच्या आणखी जवळ घेतली.
"होत असंन त करा," म्हणाल्या. "मी थांबतो."
अजून तिथंच बसल्या आहेत.