सारख्या नावाचे दोन फोल्डर

बाई, तुम्ही गेलात त्याला वीस वर्षं होत आली. तुम्ही कॉम्प्युटर पाहिलात तो शाळेत, हेडसरांच्या खोलीत प्लॅस्टिकचं कव्हर घालून ठेवलेला, कुणी हात लावायचा नाही असा. आता तो आमच्या बाहेरच्या खोलीत आहे, देवघराच्या भिंतीला लागून, आणि त्याला सगळ्यात जास्त हात माझाच लागतो. त्या हातून काय झालं ते कुणाला तरी सांगायचंय, आणि दुसरं कुणी सुचत नाही. सकाळपासून तीनदा लिहायला बसले नि तीनदा उठले. एकदा दूध बघायला, एकदा यांच्या खोलीत डोकवायला, एकदा उगीचच.

यांचं आधी सांगते. लोणावळ्याहून तळेगावच्या बाजूच्या कारखान्यांत कामगार नेणारी बस यांनी सत्तावीस वर्षं चालवली, जुन्या हायवेनं, रोज जाऊन येऊन. गेल्या वर्षी अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला आणि शब्द गेले. म्हणजे ओठांपर्यंत यायचे आणि मागे फिरायचे. पाणी हवं असलं तरी 'ते, ते' करायचे, मला कळलं नाही की भिंतीकडे तोंड करून पडायचे. आमची मुलगी सोमाटण्याला असते, तिकडेच कामाला जाते. तिनं बस चालवायचा एक गेम कॉम्प्युटरवर टाकून दिला. मला ते पटलं नव्हतं. साठीला आलेल्या माणसानं जपमाळ ओढावी की खेळ खेळावा? पण त्या गेममध्ये रस्ता आपण आखायचा, थांबे आपण ठेवायचे आणि थांब्याला नाव आपण द्यायचं. यांनी डाव्या हातानं एकेक इंग्रजी अक्षर शोधत पहिला थांबा लिहिला, वाकसई. लिहिताना तोंडानं म्हणत होते. मग कार्ला फाटा. एका थांब्याला कधी तीन तीन दिवस लागायचे, पण लिहिलेलं नाव तोंडात राहायचं. होळीपर्यंत कामशेत आलं. मग कान्हे, वडगाव. त्या नावांना धरून बाकीचे शब्दही थोडे थोडे यायला लागले. श्रावणात बस सोमाटणे फाट्याला पोचली, तेव्हा यांनी मुलीला स्वतः फोन लावला आणि म्हणाले, "आलो गं. दार उघाड." ती तिकडे रडत होती आणि हे इकडे हसत होते, अर्ध्या तोंडानं.

आता माझं. घट बसायच्या आधी घर धुऊन पुसून काढायचं, हे काही तुम्हाला सांगायला नको. गोधड्या झाल्या, डबे झाले, माळा झाला. कॉम्प्युटर चार दिवस एकच सांगत होता की जागा कमी आहे. बचत गटाचं लिखाण मी त्याच्यावरच करते, त्यामुळे फोल्डर उघडणं, नाव देणं, जागच्या जागी ठेवणं मला येतं, आणि येतं याचा थोडा ताठाही आहे. तर मी त्याचीही सफाई काढली. जुने फोटो गेले, लग्नपत्रिका गेल्या. मग त्या गेमच्या नावाचा एक भलामोठा फोल्डर दिसला, आणि डॉक्युमेंटमध्ये अगदी त्याच नावाचा दुसरा, एवढासा. एकच वस्तू घरात दोनदा कशाला? मोठा ठेवला, छोटा टाकला. वर रिसायकल बिनही रिकामी केली, कारण काढलेला केर सुपलीत ठेवायची मला सवय नाही.

दुसऱ्या दिवशी अकराला, रोजच्या वेळेला, हे बसले. गेम सुरू झाला आणि यांना नवीन नाव विचारायला लागला. रस्ता नाही, थांबे नाहीत, कोरी जमीन. यांनी पुन्हा बंद केलं, पुन्हा सुरू केलं. मग माऊसवरचा हात उचलून त्याच्याकडे बघत बसले.

मी स्वयंपाकघरात जाऊन मुलीला फोन लावला.

"सुरू होतोय ना पण?"

"होतोय. पण आत काही नाही."

"फाइल तपासायचं बटण आहे, ते दाबलंस?"

"मघाशीच दाबलं. सगळ्या बरोबर आहेत म्हणतोय."

"मग गेमला काही झालं नाही, आई. पप्पांचा रस्ता गेमच्या फोल्डरमध्ये नसतोच. तो वेगळा असतो, डॉक्युमेंटमध्ये. त्याच नावानं. तिथं बघ."

मी ओटा पुसायला लागले.

"आई? आहेस का?"

"आहे. शिट्ट्या झाल्या, ठेवते," म्हटलं. कुकर तर लावलाच नव्हता.

बाहेर येऊन बघते तर हे डावा हात मांडीवर ठेवून बसलेले. म्हणाले, "माज्याच हातानं गेलं. ह्यो बी चालला आता." मला वाटलं, संध्याकाळपर्यंत दुरुस्त करू, मग सांगायची गरजच काय. गेम पूर्ण काढून पुन्हा टाकला. त्याला दुपार गेली, आणि पुन्हा तीच कोरी जमीन. फोल्डरवर राइट क्लिक करून आधीची प्रत मिळते असं मुलगी म्हणायची, तेही केलं. काही निघालं नाही. दुसऱ्या दिवशी यांनी हातात दाबायचा रबरी चेंडू घेतला नाही. तिसऱ्या दिवशी जेवताना चमचा खाली ठेवला. मुलीला फोनवर सांगितलं, "डाव्या हातात बी न्हाई राह्यलं," आणि तिनं घाबरून डॉक्टरांची वेळ घेतली. तरी मी गप्पच.

तेव्हा तुमची आठवण आली, बाई. तुम्ही वर्षभर आम्हा मुलींकडून आंबेमोहराचं बियाणं गोळा करून घेतलंत. एका डब्यात भाजे गावचं, एका डब्यात औंढे गावचं. कुठलं जास्त उगवतं ते आम्हाला पेरून दाखवणार होतात. तपासणीच्या आदल्या दिवशी प्रयोगशाळेचं कपाट आवरायचं काम माझ्याकडे होतं. दोन्ही डब्यांतले दाणे सारखे, दोन्ही डबे अर्धे. मी एकात ओतले आणि मोकळा डबा खडू ठेवायला घेतला. तुम्ही कपाट उघडलंत आणि थेट शिपाई आबांवर गेलात. "आबा, दिसायला सारखं म्हणून एक असतं का? वर्ष गेलं माझं." आबा टोपी काढून उभे. म्हणाले, "न्हाई बाई, मी हात बी लावला न्हाई." तुम्ही म्हणालात, "मग काय दाणे चालत गेले?" वर्ग हसला. मीही हसले, बाई. मी तिसऱ्या बाकावर होते. आबांनी टोपी परत घातली ती घंटा देऊन झाल्यावर, बाहेर जाऊन. पुढे मॅट्रिक झाले तेव्हा तुम्ही सगळ्यांसमोर म्हणालात, ही मुलगी व्यवस्थित आहे, हिच्या हातात कपाट द्यावं आणि विसरून जावं. तो शब्द मी इतकी वर्षं मिरवलाय. सासरी, गटात, सगळीकडे. तो डबा माझ्या हातचा होता. तुम्ही असताना सांगायला मला पस्तीस मिनिटांची वाट होती, भाज्याहून तुमच्या मळवलीला, आणि मी कितीदा तुमच्या दारावरून एकवीरेला गेले.

डॉक्टरांकडे जायच्या आदल्या सकाळी मुलीचाच फोन आला. तिला आठवलं की होळीला तिनं कॉम्प्युटर दुरुस्त करताना सगळ्याची एक प्रत काढून दुसऱ्या ड्राइव्हवर ठेवली होती. सापडली. मी ती उचलून डॉक्युमेंटमध्ये नेऊन ठेवली आणि गेम उघडला, तर पुन्हा कोरी जमीन. फोन अजून कानालाच होता.

"आई, वरचा पत्ता वाच. नाव दोनदा आलंय का?"

"आलंय."

"पाकिटात पाकीट घातलंयस तू. आतलं बाहेर काढ नि त्याच्या जागी ठेव."

ठेवलं. उघडलं. वाकसई आलं, कार्ला फाटा आला, कामशेत आलं. पुढे काही नाही. कान्हे, वडगाव आणि सोमाटणे गेले ते गेलेच.

मी यांच्यासमोर खुर्ची ओढून बसले. म्हटलं, "तुमच्या हातून नाही गेलं. मी टाकलं, सफाई करताना."

"तू?"

"मी."

"म्हंजी हात न्हवता?"

"नव्हता."

यांनी डावा हात वर धरला, मूठ वळली, उघडली, पुन्हा वळली. "आन मला दवाखान्यात न्हेत हुतीस व्हय," म्हणाले. मला वाटलं आता चिडतील. चिडले नाहीत. "कुटवर ऱ्हायलंय?"

"कामशेतपर्यंत."

"मंग कामशेतात च्या पिऊ. फुडं जाऊ."

आता बाहेरच्या खोलीतून की-बोर्डचा आवाज येतोय. कान्हे लिहिताहेत, दुसऱ्यांदा, दोन अक्षरं झालीत. मुलगी म्हणाली, आई, होतं असं, चुकून कुणाचंही होतं. हेही तेच म्हणाले. आणि मी मान हलवली.

पण बाई, चूक म्हणून मी पदरात पाडून घेतलंय ते सगळं चुकून नव्हतं. यांच्या तोंडात सगळे थांबे परत आले. मला हाक मारायला मात्र अजून शब्द आलेला नाही. 'अगं' म्हणायचे, तेवढंसुद्धा नाही. मी हवी असले की टेबलावर बोटं वाजवतात. त्या सफाईच्या सकाळी दोनदा वाजवली आणि माझ्याकडे न बघता त्या पडद्याला म्हणाले, "वडगाव, उतरा." मी नंतर कॉम्प्युटरवर बसले तेव्हा तो छोटा फोल्डर किती छोटा आहे ते तिथं लिहिलेलं होतं. तो टाकून जागा काही मोकळी होणार नव्हती. टाकण्याआधी मी तो उघडलाही होता. आत थांब्यांची नावं ओळीनं दिसली, आणि मी ती वाचली होती.