सहाव्या चक्कीचा खड्डा

३ मार्च

झालं एकदाचं! सह्या झाल्या. टेकडी आमची, पवनचक्क्या कंपनीच्या, वीज विकून येईल त्यात चौथा हिस्सा आमच्या समाजाचा. साहेब म्हणाले, "आता तुम्ही मजूर नाही, भागीदार." माझ्या टेबलावर पाटी – समाज समन्वयक. करारात एक अट मी हट्टाने घालून घेतली : आमची माणसं जिथे पुरलीत तिथे खणायचं नाही. आई तिथेच कुठेतरी आहे. ती गेली तेव्हा मी आठ वर्षांची, वसतिगृहात. मला आणलंच नाही कोणी.

५ मार्च

आमच्यात पुरल्यावर वर खडासुद्धा ठेवत नाहीत. जागा ठाऊक असते फक्त घरातल्या सगळ्यात मोठ्या बाईला. म्हणजे आत्याला. आणि आत्याच्या तोंडाला कुलूप! आज सुनावलंच – "नाही दाखवलीस तर खणतील. मग बस रडत." मला जरासुद्धा वाईट वाटलं नाही.

९ मार्च

आली शेवटी! पुढे आत्या, मागे साहेब, नकाशावाला आणि मी. ओढ्याकाठची सपाटी दाखवली. "सगळी इथेच."

"आईपण?"

"सगळी," म्हणाली, माझ्याकडे न बघता.

नकाशावर तिथे लाल रेघ मारली. सहावी चक्की ओढ्यावरून उचलून वर, मोठ्या खडकाजवळ. साहेब खूश, मीही. निघताना आत्या कानाशी पुटपुटली, "घरी ये. एकटी." मला कुठे वेळ!

१४ मार्च

पुन्हा निरोप. नाही गेले. तिची रडगाणी ऐकायला मी रिकामी नाही.

२ एप्रिल

सहाव्या खड्ड्यात हाडं लागली. मुकादम धावत आला, तोंडचं पाणी पळालेलं. कळवलं असतं तर काम सहा महिने बंद, करार लटकला असता. आणि पुरलेली जागा तर ओढ्याकाठी! कागदावर लिहिलं – 'जनावराची हाडं'. सही ठोकली. मुकादम हसला, "ताई, तुम्ही आमच्यातल्याच निघालात!" छान वाटलं ऐकून. दुपारपर्यंत काँक्रीट ओतून झालं.

४ एप्रिल

आत्या ऑफिसात आली. "कुठे कुठे खणलंत?" नकाशा पुढे केला. सहाव्या आकड्यावर तिचं बोट थांबलं.

"परक्यांसमोर खरी जागा कोण दाखवतं गं? एवढंही विसरलीस?"

मग अगदी हळू म्हणाली, "वहिनी इथे होती."